मूळ फर्मवेअर पुन्हा टाकताना: काय परत येतं, काय जातं, काय कधीच मागे फिरत नाही



संशोधनाला सुरुवात करताना पेपर कसा वाचायचा, गाईड कसा निवडायचा, पेटची तयारी कशी करायची यावर आपण भरपूर बोलतो. ज्या उपकरणाने मोजमाप घेणार त्या उपकरणाची काळजी कशी घ्यायची, यावर फारसं कुणी बोलत नाही. आणि हल्ली ते उपकरण बऱ्याचदा आपला साधा स्मार्टफोनच असतो.

म्हणून आजचा विषय: फोनवर कंपनीचं मूळ फर्मवेअर पुन्हा टाकणं. मोबाईलच्या दुकानात ज्याला 'सॉफ्टवेअर मारून देतो' म्हणतात, तेच. युट्यूबवर याचे शेकडो व्हिडिओ आहेत आणि त्यातले बरेचसे कुठलं बटण कधी दाबायचं हे नीट दाखवतातही. पण बटण दाबल्यावर फोनच्या आत नेमकं काय बदलतं, हे कळल्याशिवाय संशोधनासाठी वापरायच्या फोनला हात लावू नका. मी लावला होता. त्यात माझं अकरा दिवसांचं काम गेलं आणि ते परत मिळालं नाही.

चौथा फोन

माझं काम रस्त्यांच्या पृष्ठभागावर आहे. स्कूटरवर बसवलेल्या फोनच्या ॲक्सिलरोमीटरवरून खड्डे आणि उंचवटे ओळखायचे. कल्पना जुनी आहे. २००८ मध्ये बंगळुरूच्या मायक्रोसॉफ्ट रिसर्च इंडियातल्या संशोधकांनी 'नेरिसेल' या प्रकल्पात फोनमधले सेन्सर वापरून रस्ता आणि रहदारी यांची स्थिती कशी टिपता येईल हे मांडलं. त्याच वर्षी एमआयटीच्या गटाने 'पॉटहोल पेट्रोल'मध्ये बोस्टन परिसरातल्या टॅक्सींवर सेन्सर बसवून खड्डे शोधले. माझ्या कामात प्रश्न वेगळा आहे, पण हत्यार तेच.

बजेट कमी, म्हणून एकाच मॉडेलचे चार जुने फोन घेतले. तीन फोनची मोजमापं एकमेकांशी जुळायची. चौथ्याच्या नोंदींमध्ये मधेमधे फट पडायची. सेकंदाला ठरलेल्या संख्येने आकडे यायला हवेत, तिथे काही सेकंद रिकामेच. फोन सुरू होताना पडद्यावर बूटलोडर अनलॉक असल्याची सूचनाही यायची. म्हणजे आधीच्या मालकाने त्यावर कस्टम रॉम टाकलेली होती. मी विचार केला, सोपं आहे, कंपनीचं मूळ फर्मवेअर टाकू, चारही फोन सारखे होतील.

रात्री दहाला बसलो, अकराला काम झालं. फोन नवा कोरा सुरू झाला. आणि मग एकेक गोष्ट लक्षात यायला लागली.

पहिली: पावसाळ्याच्या पहिल्या अकरा दिवसांच्या नोंदी त्या फोनच्या आतच होत्या. फोटो आणि कॉन्टॅक्ट गुगलवर जातात, म्हणून माझं ॲपही कुठेतरी प्रत ठेवत असेल असं मी गृहीत धरलं होतं. तसं काही नव्हतं. खड्डे नुकतेच पडत होते तेव्हाचा तो रस्ता; महापालिकेने नंतर डांबर टाकलं. तो प्रयोग पुन्हा करता येत नाही.

दुसरी: फोन टेबलावर सपाट ठेवला की उभ्या अक्षावर गुरुत्वाकर्षणाचा आकडा दिसायला हवा. पुण्यात तो ९.७८ मीटर प्रति सेकंद वर्गाच्या आसपास असतो. चौथा फोन आधी तेवढा दाखवायचा. आता ९.४ दाखवायला लागला.

तिसरी गोष्ट दुसऱ्या दिवशी गाईडनी दाखवली. त्यांनी रागावण्याऐवजी एकच प्रश्न विचारला, "आधीचा बिल्ड नंबर काय होता?" मी लिहून ठेवला नव्हता. म्हणजे त्या फोनमधून मे महिन्यात लॅपटॉपवर घेतलेल्या ज्या नोंदी शिल्लक होत्या, त्यात फटी का पडल्या हेही आता शोधता येणार नव्हतं. आजारी फोन बरा केला, पण आजार काय होता ते मीच पुसून टाकलं होतं.

या तिन्ही गोष्टींचं मूळ एकाच गैरसमजात आहे: 'मूळ फर्मवेअर टाकलं की फोन मूळ स्थितीत येतो.' तो येत नाही. का, ते पाहू.

फोनच्या आतले कप्पे

फोनची स्टोरेज म्हणजे एकच मोठी पेटी नसते. तिचे पार्टिशन, म्हणजे कप्पे, केलेले असतात. ॲन्ड्रॉइड फोनमधले मुख्य कप्पे असे:

- बूटलोडर: फोन चालू होताच आधी जागा होणारा छोटा प्रोग्राम. पुढचं सगळं कोण उचलणार हे तो ठरवतो.
- बूट: यात कर्नल असतो, म्हणजे ऑपरेटिंग सिस्टीमचा गाभा.
- सिस्टीम आणि व्हेंडर: ॲन्ड्रॉइड स्वतः, आणि त्या फोनच्या हार्डवेअरशी बोलणारा चिपकंपनीचा व फोनकंपनीचा भाग. २०१७ च्या ॲन्ड्रॉइड ८ पासून 'प्रोजेक्ट ट्रेबल'मुळे हे दोन्ही स्पष्टपणे वेगळे केले गेले.
- मोडेम किंवा रेडिओ: मोबाईल नेटवर्कशी बोलणारं सॉफ्टवेअर.
- युजरडेटा: तुमचे फोटो, ॲप, त्यांच्या नोंदी. तुमचं सगळं इथे.
- आणि काही लहान कप्पे, ज्यांत फक्त त्याच एका फोनची माहिती असते. यांची नावं चिपनुसार आणि कंपनीनुसार बदलतात. सॅमसंगमध्ये 'ईएफएस', मीडियाटेक चिपच्या फोनमध्ये 'एनव्हीरॅम', क्वालकॉम चिपच्या अनेक फोनमध्ये 'पर्सिस्ट'.

आता इथे एक मिनिट थांबा. कंपनी जी फर्मवेअरची फाइल देते, ती त्या मॉडेलच्या लाखो फोनसाठी एकच असते. मग त्या फाइलमध्ये तुमच्या फोनचा आयएमईआय असेल का? तुमच्या सेन्सरचं कारखान्यात केलेलं कॅलिब्रेशन असेल का? असूच शकत नाही. फाइलमध्ये फक्त 'सगळ्यांचं सारखं' असतं, 'तुमच्या एकट्याचं' नसतं. हे एक वाक्य लक्षात राहिलं तरी आजचा लेख वाचल्याचं सार्थक झालं.

फॅक्टरी रीसेट म्हणजे फर्मवेअर टाकणं नव्हे

या दोन गोष्टींची गल्लत फार होते. फॅक्टरी रीसेट केल्यावर युजरडेटा पुसला जातो. सिस्टीमचे कप्पे आहेत तसेच राहतात. फोनवर ॲन्ड्रॉइड १३ असेल तर रीसेटनंतरही १३ च राहतं, विकत घेतलं तेव्हाचं १२ परत येत नाही. आणि कस्टम रॉम असेल तर रीसेटनंतरही कस्टम रॉमच राहते, फक्त रिकामी.

फर्मवेअर टाकणं याच्या उलट बाजूने सुरू होतं. ते सिस्टीमचे कप्पे पुन्हा लिहितं. युजरडेटा पुसायचा की ठेवायचा हा वेगळा प्रश्न असतो आणि त्याचं उत्तर तुम्ही कुठला पर्याय निवडता यावर ठरतं.

उदाहरण म्हणून गुगलचे पिक्सेल फोन घेऊ, कारण त्यांच्या फर्मवेअर फाइल्स गुगल स्वतः सगळ्यांसाठी उघड ठेवतं. तिथे दोन प्रकार मिळतात. एक 'फॅक्टरी इमेज': यासोबत 'फ्लॅश-ऑल' नावाची स्क्रिप्ट येते आणि तिच्यातल्या एका ओळीत उणे चिन्हापुढे 'डब्ल्यू' हे एकच अक्षर असतं. त्या एका अक्षराचा अर्थ 'युजरडेटा पुसून टाक'. दुसरा प्रकार 'फुल ओटीए इमेज': ही फोनच्या रिकव्हरी मोडमधून साइडलोड करता येते, त्यासाठी बूटलोडर अनलॉक करावा लागत नाही आणि डेटा पुसला जात नाही. मात्र यातून तेवढीच किंवा पुढची आवृत्ती टाकता येते, मागची नाही.

सॅमसंगच्या फर्मवेअरमध्ये बीएल, एपी, सीपी आणि सीएससी अशा फाइल्स असतात. बीएल म्हणजे बूटलोडर, एपी म्हणजे मुख्य सिस्टीम, सीपी म्हणजे मोडेम. सीएससी ही प्रदेशानुसार बदलणारी फाइल, आणि ती दोन रूपांत येते. नुसती 'सीएससी' निवडली तर फोन साफ होतो. 'होम सीएससी' निवडली तर डेटा राहतो. शाओमीच्या 'मी फ्लॅश'मध्ये खाली तीन पर्याय दिसतात: सगळं साफ करा, युजरडेटा ठेवा, सगळं साफ करून लॉक करा. यातला कुठला पर्याय आधीपासून निवडलेला आहे, ते न बघता बटण दाबणारे माझ्यासारखे बरेच असतात.

गेलेला डेटा रिकव्हर का होत नाही?

नोंदी गेल्यावर मी दोन दिवस रिकव्हरीची सॉफ्टवेअर शोधण्यात घालवले. तेही वाया. कारण समजून घ्या.

ॲन्ड्रॉइड ७ पासून फाइल-आधारित एन्क्रिप्शन आलं, आणि ॲन्ड्रॉइड १० घेऊनच बाजारात येणाऱ्या फोनवर ते सक्तीचं झालं. म्हणजे प्रत्येक फाइल कुलूपबंद असते आणि किल्ल्या फोनच्या चिपमधल्या सुरक्षित भागाशी बांधलेल्या असतात. फोन पुसताना या किल्ल्या नष्ट होतात. जुन्या संगणकाच्या हार्ड डिस्कवर फाइल डिलीट केली तरी मजकूर मागे राहायचा, तो ओढून काढता यायचा. इथे मजकूर मागे राहिला तरी किल्लीवाचून तो निव्वळ कचरा.

बूटलोडर अनलॉक केला की डेटा पुसला जातो, तोही याच विचाराने. नाहीतर चोराने फोन उचलायचा, अनलॉक करायचा, स्वतःची सिस्टीम टाकायची आणि तुमचं सगळं वाचायचं. म्हणून अनलॉक करताना पुसणं, आणि बहुतेक फोनमध्ये पुन्हा लॉक करतानाही पुसणं. माझा फोन आधीच अनलॉक होता म्हणून मी निर्धास्त होतो. मी निवडलेल्या पर्यायात शेवटी 'लॉक' होतं, हे नंतर कळलं.

मागे न फिरणारी चक्रं

आता तिसरा गट. काही गोष्टी फर्मवेअरने परतही येत नाहीत आणि पुसल्याही जात नाहीत. त्या फक्त पुढे सरकतात.

पहिली, रोलबॅक प्रोटेक्शन. फर्मवेअरवर कंपनीची डिजिटल सही असते आणि फोन सुरू होताना ती तपासतो. चिपमध्ये पक्की बसवलेली किल्ली बूटलोडरची सही तपासते, बूटलोडर पुढच्या कप्प्याची, अशी साखळी असते. ॲन्ड्रॉइडमध्ये याला 'व्हेरिफाइड बूट' म्हणतात. बूटलोडर अनलॉक असेल तर नारिंगी इशारा दिसतो, आणि लॉक असलेल्या फोनमध्ये सही जुळली नाही तर लाल. पण साखळीत एक भोक राहतं. तीन वर्षांपूर्वीच्या फर्मवेअरवरही कंपनीची खरीच सही असते, आणि त्यात तेव्हाची सुरक्षेची छिद्रंही असतात. कुणी मुद्दाम जुनी आवृत्ती टाकली तर? म्हणून फोनमध्ये एक आकडा ठेवलेला असतो. नवी आवृत्ती तो वाढवू शकते, कमी कुणीच करू शकत नाही. फाइलचा आकडा त्याहून लहान असेल तर फोन ती नाकारतो.

ठोस उदाहरण: ऑगस्ट २०२२ मध्ये पिक्सेल ६, ६ प्रो आणि ६ए यांना ॲन्ड्रॉइड १३ आलं तेव्हा बूटलोडरचा हा आकडा वाढवला गेला. एकदा १३ वर गेलेल्या फोनवर ॲन्ड्रॉइड १२ चा जुना बूटलोडर परत टाकता येत नाही, असं गुगलने डाउनलोडच्या पानावरच बजावलं होतं. शाओमीच्या रेडमी नोट ५ प्रोवर २०१८ मध्ये हीच व्यवस्था आली तेव्हा सवयीने जुनी आवृत्ती टाकणाऱ्या अनेकांचे फोन डेड झाले.

आयफोनमध्ये पद्धत वेगळी, परिणाम तोच. आयफोन रीस्टोअर करताना ॲपलच्या सर्व्हरकडून त्या क्षणी सही घ्यावी लागते. ॲपलने एखाद्या आवृत्तीला सही देणं थांबवलं की ती फाइल तुमच्याकडे असूनही उपयोग नाही.

दुसरी गोष्ट, ई-फ्यूज. सॅमसंगमध्ये 'नॉक्स वॉरंटी बिट' असतो. अनधिकृत सिस्टीम टाकली की तो शून्याचा एक होतो आणि कायमचा एकच राहतो. नंतर कंपनीचं अस्सल फर्मवेअर टाकलं तरी 'सिक्युअर फोल्डर'सारख्या सोयी त्या फोनवर परत चालत नाहीत. बाहेरून फोन मूळ दिसतो, आतला फ्यूज आपला इतिहास सांगत राहतो.

कॅलिब्रेशनचं काय झालं?

आता माझ्या ९.४ चं उत्तर. फर्मवेअरच्या पॅकेजमध्ये 'पर्सिस्ट'ची एक कोरी फाइल होती. फ्लॅश करण्याच्या प्रोग्राममध्ये सगळ्या फाइल्सची यादी आली आणि मी सगळ्यांसमोर टिक केली. 'पूर्ण' करायचं होतं ना! त्यात कारखान्यात त्या एका फोनच्या सेन्सरसाठी लिहिलेले दुरुस्तीचे आकडे गेले. ॲक्सिलरोमीटरच्या चिपमध्ये थोडी चूक जन्मजात असते, प्रत्येक चिपची वेगळी. ते आकडे ती चूक झाकत होते. झाकण गेलं, चूक दिसायला लागली.

याचाच मोठा भाऊ म्हणजे आयएमईआय जाणं. मीडियाटेकच्या फोनसाठी 'एसपी फ्लॅश टूल' वापरतात. त्यात 'डाउनलोड ओन्ली' आणि 'फॉरमॅट ऑल प्लस डाउनलोड' असे पर्याय असतात. दुसरा निवडला तर एनव्हीरॅमही पुसला जातो, आयएमईआय नाहीसा होतो आणि फोनला नेटवर्क मिळत नाही. मग कुणीतरी सल्ला देतो, 'दुसरा नंबर टाकून घे'. ते करू नका. आयएमईआयमध्ये फेरफार करणं भारतात गुन्हा आहे. २०१७ चे नियम त्यासाठीच होते आणि २०२३ च्या दूरसंचार कायद्यातही त्याला शिक्षा आहे. अशा वेळी कंपनीच्या अधिकृत सेवा केंद्रातच जायचं.

सेन्सरचं मात्र थोडंफार सावरता येतं. फोन सहाही बाजूंनी आळीपाळीने स्थिर ठेवायचा: पाठीवर, पोटावर, दोन्ही कडांवर, डोक्यावर आणि तळावर. प्रत्येक स्थितीत मिनिटभराची सरासरी काढायची. एका अक्षाचे वर आणि खाली असे दोन आकडे मिळाले की त्या अक्षाची मूळ सरक आणि प्रमाणातली चूक दोन्ही काढता येतात. मी हे चारही फोनवर केलं, आणि मला वाटतं ते पहिल्या दिवशीच करायला हवं होतं. कारखान्याच्या कॅलिब्रेशनवर भरवसा ठेवून सुरुवात केली, म्हणून ते गेल्यावर तुलना करायला आधीचे आकडेच नव्हते.

मग फर्मवेअर टाकायचंच नाही का?

टाकायचं. संशोधनात त्याची खरी गरज पडते. एकाच मॉडेलचे दोन फोन वेगवेगळ्या आवृत्त्यांवर असतील तर ती दोन वेगळी उपकरणं आहेत. दोन उदाहरणं देतो. ॲन्ड्रॉइड ९ पासून पडद्याआड गेलेल्या ॲपला ॲक्सिलरोमीटरची सलग माहिती मिळणं बंद झालं. त्यासाठी सूचनापट्टीत दिसणारी फोरग्राउंड सेवा चालवावी लागते. आणि ॲन्ड्रॉइड १२ साठी बनवलेल्या ॲपला खास परवानगी न घेता सेन्सरचे आकडे सेकंदाला साधारण २०० पेक्षा जास्त वेळा घेता येत नाहीत. हे माहीत नसलेला विद्यार्थी तुमचा प्रयोग नव्या आवृत्तीवर करून बघेल आणि 'निकाल जुळत नाहीत' असं म्हणेल. चूक दोघांचीही नसेल, पण पेपरमध्ये 'ॲन्ड्रॉइड फोन वापरला' एवढंच लिहिणाऱ्याची थोडी असेल.

म्हणून टाकायचं, पण क्रमाने. मी आता हा क्रम पाळतो:

१. लिहून घ्या. 'अबाउट फोन'मध्ये जाऊन मॉडेल क्रमांक, बिल्ड नंबर, ॲन्ड्रॉइड आवृत्ती, सिक्युरिटी पॅचची तारीख, कर्नल आणि बेसबँड आवृत्ती वहीत उतरवा; स्क्रीनशॉट काढून तो फोनबाहेर पाठवा. तारा-हॅश-शून्य-सहा-हॅश डायल करून आयएमईआयही नोंदवा. बूटलोडर लॉक आहे की अनलॉक, तेही.

२. फोन जसा बिघडलेला आहे तसा मोजा. टेबलावर दहा मिनिटं स्थिर ठेवून नोंद घ्या. बिघाडाचा पुरावा हाही डेटा आहे.

३. प्रत काढा आणि उघडून बघा. नुसतं 'बॅकअप झाला' यावर विश्वास ठेवू नका. लॅपटॉपवर फाइल उघडा, ओळी मोजा, शेवटची तारीख बघा. आणि दुसरी प्रत दुसऱ्या जागी.

४. आधी हलका उपाय करून बघा. ॲप पुन्हा टाकणं, कॅश साफ करणं, सेफ मोड, ओटीए अपडेट. ज्याने कमीत कमी कप्पे बदलतात ते आधी. एकदम सगळं बदललं तर कशामुळे दुरुस्त झालं ते कधीच कळत नाही.

५. गुगल खात्याचा पासवर्ड आठवतो ना, बघा. २०१५ मधल्या ॲन्ड्रॉइड ५.१ पासून 'फॅक्टरी रीसेट प्रोटेक्शन' आहे. रिकव्हरीतून पुसलेला फोन आधीचं खातं मागतो. जुना फोन घेतला असेल तर विकणाऱ्याकडून त्याचं खातं त्याच्यासमोरच काढून घ्या.

६. फाइल अस्सल जागेवरून घ्या आणि तिची खात्री करा. मॉडेलचं नाव सारखं असलं तरी प्रकार वेगळा असू शकतो. भारतातला आणि युरोपातला फोन बाहेरून जुळे दिसतात. पिक्सेलमध्ये प्रत्येक मॉडेलला सांकेतिक नाव असतं, उदाहरणार्थ पिक्सेल ७ म्हणजे 'पँथर'. फाइलसोबत एसएचए-२५६ चा ६४ चिन्हांचा ठसा दिलेला असतो. डाउनलोड झाल्यावर आपल्या संगणकावर तो काढून जुळवा. एक चिन्ह जरी वेगळं असलं तरी फाइल फेकून द्या.

७. रोलबॅकचा आकडा तपासा. फोनवर आहे त्याहून जुनी आवृत्ती टाकणार असाल तर आधी कंपनीची सूचना वाचा.

८. चार्ज, केबल, वीज. फोन निदान अर्ध्याहून अधिक चार्ज हवा. केबल डेटाची आणि धड हवी, आणि लॅपटॉपला थेट लावलेली. बूटलोडर लिहिला जात असताना केबल निघाली तर त्या फोनला जागं करायला घरचे उपाय पुरत नाहीत.

९. पर्यायांची यादी मोठ्याने वाचा. कुठला कप्पा लिहिला जाणार, कुठला पुसला जाणार, शेवटी लॉक होणार का. माझ्या लॅबमध्ये आता दुसरा माणूस शेजारी बसवून हे वाचायचा नियम आहे. जरा हास्यास्पद वाटतं, पण चालतं. पर्सिस्ट, एनव्हीरॅम, ईएफएस अशा नावांसमोर टिक नको.

१०. लॉक सगळ्यात शेवटी. मूळ सिस्टीम नीट सुरू होते, कॉल लागतो, वायफाय चालतं, हे बघूनच बूटलोडर लॉक करा. अनधिकृत सिस्टीम असताना लॉक केलं तर फोन सुरूच होणार नाही असं होऊ शकतं. आणि लॉक करताना पुन्हा पुसलं जातं, म्हणून तोवर फोनमध्ये काही भरू नका.

११. नंतर पुन्हा मोजा आणि पुन्हा लिहा. नवा बिल्ड नंबर, ठसा, तारीख, आणि तीच दहा मिनिटांची स्थिर नोंद. आयएमईआय आधीच्या नोंदीशी ताडून बघा. दोन पानं शेजारी ठेवली की काय बदललं ते दिसतं. त्यानंतर ऑटो-अपडेट बंद करा, नाहीतर प्रयोगाच्या मधेच एका रात्रीत फोन आवृत्ती बदलतो.

फोन रोजच्या वापराचा असेल तर शेवटची सूचना पाळू नका; सुरक्षेचे अपडेट हवेतच. संशोधनाचा फोन शक्यतो वेगळा ठेवा, त्यात बँकेची ॲप ठेवू नका, म्हणजे हा पेच येत नाही.

प्रबंधात काय लिहिलं?

चौथ्या फोनचं पुढे काय केलं, असं एका ज्युनिअरने विचारलं. गुपचूप गाळून तीन फोनवर काम भागवता आलं असतं, कुणाला कळलंही नसतं. गाईड म्हणाले, "जे झालं ते लिही." म्हणून पद्धतीच्या प्रकरणात एक परिच्छेद आहे: चार फोन घेतले, एकावर अनधिकृत सिस्टीम होती, तिची आवृत्ती नोंदवली गेली नाही, अमुक तारखेला मूळ फर्मवेअर टाकलं, त्यात अकरा दिवसांच्या नोंदी आणि सेन्सरचं कॅलिब्रेशन गेलं, त्यापूर्वीच्या त्या फोनच्या नोंदी निष्कर्षात घेतलेल्या नाहीत. लिहिताना लाज वाटली. प्रगती-सादरीकरणाच्या वेळी समितीने सर्वात जास्त प्रश्न याच परिच्छेदावर विचारले, आणि मला सगळ्यात नीट उत्तरं देता आली तीही इथेच.

तुम्ही उद्या संशोधनाला लागाल तेव्हा उपकरण फोन नसेलही. सूक्ष्मदर्शक असेल, मातीचं ओलावामापक असेल, नाहीतर साधा व्हॉइस रेकॉर्डर असेल. त्यालाही कधीतरी 'रीसेट' करायची वेळ येईल. तेव्हा बटणावर बोट ठेवण्याआधी तीन प्रश्न वहीत लिहा: यातून काय परत येईल, काय जाईल, आणि काय मागे फिरणारच नाही? तिन्हींची उत्तरं लिहिता आली तर बटण दाबा. एकाचं जरी आलं नाही, तर त्या रात्री झोपा आणि सकाळी कुणाला तरी विचारा.

तुमच्या लॅबमध्ये उपकरणांची नोंदवही असेल तर आज जाऊन तिचं शेवटचं पान बघा. नसेल तर शंभर पानी वही घ्या आणि पहिल्या पानावर तुमच्या फोनचा बिल्ड नंबर लिहून टाका. पाच मिनिटांचं काम आहे.